मालक कोण, ते सांगा

आमच्या खात्यात गळ्यातल्या ओळखपत्राचे दोन रंग आहेत. कायम सरकारी नोकरांचं निळं आणि आम्हा कंत्राटी लोकांचं केशरी. दारं दोन्हींनी उघडतात, काम एकच, खुर्च्याही सारख्या. फरक कळतो तो वाढदिवसाला. निळ्यांपैकी कुणाचा वाढदिवस असला की दुपारी वरच्या खोलीत केक कापतात आणि केशरी लोकांनी तिथे जायचं नसतं. मी नवीन असताना आपल्या वळणाप्रमाणे शुभेच्छा द्यायला गेले, तर माझी सुपरवायझर कॅरल मला दंडाला धरून बाहेर घेऊन आली. ओशाळून म्हणाली, "राग मानू नकोस. आमच्या वकिलांनी सांगून ठेवलंय. तुम्हाला केक दिला तर तुम्ही आमचेच नोकर आहात असं उद्या कुणी म्हणेल."

घरी येऊन नवऱ्याला हे सांगितलं. तो म्हणाला, "म्हणजे एक तुकडा खाल्ला की पेन्शन?"

संपादकांनी मला 'अमेरिकेतली वाटचाल' लिहायला सांगितलं होतं. वाटचाल आपल्या सगळ्यांची थोड्याफार फरकाने सारखीच असते: विमान, व्हिसा, थंडी, घर, मुलांची पोहण्याची शिकवणी. त्यापेक्षा मला त्या केशरी ओळखपत्राबद्दल लिहायचं आहे, आणि ते थोडं रागाने लिहायचं आहे. दिवाळी अंकात तेवढी सूट मिळावी.

आधी धंदा समजावून सांगते, कारण कॉर्पोरेटमध्ये काम करणाऱ्या आपल्या मंडळींनाही तो नीट माहीत नसतो. इथे ओहायोत, कोलंबसला राज्य सरकारची मोठमोठी खाती आहेत. त्यांची संगणक यंत्रणा चालवायला माणसं लागतात, पण कायम पदं मंजूर होत नाहीत. मग खातं एका मोठ्या कंपनीला काम देतं, ती कंपनी लहान कंपन्यांकडून माणसं घेते आणि त्या लहान कंपन्या आपल्याला घेतात. पगार देते लहान कंपनी. व्हिसाही तिचाच. काम सांगतं खातं. मधली मोठी कंपनी नेमकं काय करते, हे मला इतक्या वर्षांत नीट कळलेलं नाही. दरवर्षी जूनअखेर आमचं कंत्राट संपतं आणि नवं होतं. किंवा होत नाही. न झालेल्या माणसाला ते बहुधा दारावरच कळतं, कारण त्या सकाळी त्याचं ओळखपत्र दार उघडत नाही. आमच्या शेजारी बसणारा एक हैदराबादचा गृहस्थ असाच गेला. त्याचा डबा फ्रीजमध्ये आठवडाभर तसाच होता. तो कुणी टाकायचा, यावरही निळ्या लोकांची चर्चा झाली.

माझं खातं बेरोजगार भत्त्याचं. ज्यांची नोकरी गेली ते लोक आमच्या वेबसाइटवर अर्ज करतात आणि ती वेबसाइट चालू ठेवणं हे आमचं काम. एकदा माझ्याकडे एक तक्रार आली. कुठल्याशा गोदामात साफसफाई करणाऱ्या एका माणसाचा अर्ज पुढेच सरकत नव्हता. 'मालकाचं नाव' या रकान्यात त्याने लिहिलं होतं, 'मलाही जाणून घ्यायला आवडेल.' यंत्रणा ते घेईना. टीममध्ये सगळे खूप हसले. मीही हसले. मग जेवायच्या सुट्टीत माझ्या मनात आलं, उद्या माझं कंत्राट गेलं तर या रकान्यात मी काय लिहिणार? काम सांगणारा एक, पगार देणारा दुसरा, मध्ये बसलेला तिसरा. त्या माणसाने विनोद केलाच नव्हता.

मी मुखेडची. नगरपरिषदेच्या मराठी शाळेत शिकले, समाजकल्याणच्या वसतिगृहात राहून इंजिनीअर झाले. आमच्या घरातली पहिली पदवीधर. माझे वडील पाटबंधारे खात्यात कालव्यावर रोजंदारीवर होते. आज कायम होऊ, उद्या कायम होऊ, या आशेवर त्यांची उमेदीची वर्षं गेली. काही महिने झाले की साहेब त्यांना चार दिवस घरी बसवायचे आणि मग पुन्हा कामावर घ्यायचे. त्याला 'तांत्रिक खंड' म्हणतात. सलग नोकरी झाली तर माणूस हक्क सांगेल, म्हणून मध्ये खंड पाडायचा. ते चार दिवस वडील ओट्यावर बसून राहायचे आणि शेजाऱ्यांना सांगायचे, "सुट्टी टाकलीय."

अशा घरातून आलेल्या माणसाला कृतज्ञता वेगळी शिकवावी लागत नाही. सरकारने शिकवलं म्हणून सरकारचे उपकार, सरांनी फॉर्म भरून दिला म्हणून सरांचे, अमेरिकेत आणलं म्हणून सुहासदादांचे.

सुहासदादा म्हणजे आमच्या त्या लहान कंपनीचे मालक. खरं नाव वेगळं आहे, पण कोलंबसकरांना सांगायला नको. हा माणूस वाईट नाही, हे आधीच लिहून ठेवते. आपल्या कंपनीतल्या प्रत्येक नवीन मुलाला ते स्वतः विमानतळावर घ्यायला जातात. पहिल्या रात्री वहिनींच्या हातचं वरण-भात-तूप असतं. कोलंबसजवळच्या डब्लिनला त्यांनी एक अपार्टमेंट भाड्याने घेऊन ठेवलंय. नोकरीवर रुजू होईपर्यंत मुलं तिथे राहतात. गणपतीत त्यांच्या घरी सगळ्यांचं जेवण असतं. पण ज्या माणसाने पहिल्या थंडीत आपल्याला स्वतःचा कोट दिला, त्याला 'माझा हक्क' हा शब्द म्हणायचा कसा? जीभ वळत नाही. आपल्या लोकांच्या या धंद्याची खरी मेख ही आहे, आणि ती कुठल्याही करारात लिहिलेली नसते.

दादांची एक ठाम शिकवण होती. रुजू व्हायच्या आदल्या दिवशी ते प्रत्येकाला सांगत, "सुट्टी पाहिजे, उशीर होणार आहे, काहीही असो, मला विचारायचं नाही. तिकडे विचारायचं. क्लायंट म्हणजे अन्नदाता. त्यांनी हो म्हटलं की माझं हो."

दुसऱ्या कंपन्यांच्या माणसांना बरोबर उलटं शिकवतात: खात्याला काही विचारू नका, रजा आमच्याकडूनच घ्या, खात्याला फक्त कळवा. त्यामागे वकिलांचा सल्ला असतो. आमच्यामागे दादांचा नम्रपणा होता. त्यामुळे दादांची आम्ही सगळी माणसं कॅरलला विचारल्याशिवाय पाऊल टाकत नसू. दाताच्या डॉक्टरकडे जाऊ का? मुलाच्या शाळेत मीटिंग आहे, जाऊ का? मी तर सत्यनारायणासाठी अर्धा दिवस विचारला होता. पहिल्या वर्षी कॅरल गोंधळून जायची. तिला वाटायचं, ही चाळिशीची बाई शाळेतल्या मुलीसारखी दारात उभी का राहते? पुढे तिला सवय झाली. आणखी पुढे कुणी विचारलं नाही तर तिला चुकल्याचुकल्यासारखं वाटू लागलं.

प्राजक्ता आमच्यात आली ती नागपूरहून. टेस्टिंगचं काम करायची, म्हणजे आम्ही लिहिलेलं मोडून दाखवायची, आणि त्यात तिला आनंद व्हायचा. "ताई, तुमचं पान पुन्हा पडलं," असं ती हॉलच्या त्या टोकावरून ओरडून सांगायची. नवरा निखिल तिच्या व्हिसावर आलेला होता. त्याला काम करायची परवानगी नव्हती, म्हणून घरचं सगळं तो बघायचा. म्हणजे तिच्या एका नोकरीवर दोघांचं या देशातलं राहणं उभं होतं.

तिला दिवस गेले आणि उलट्या सुरू झाल्या. साध्या नव्हेत. पाणीसुद्धा ठरेना, दोनदा दवाखान्यात सलाइन लावावं लागलं. डॉक्टरांनी सांगितलं की काम करायला हरकत नाही, पण घरून करा, गाडीचा प्रवास नको. आमच्या टीममधले निळे लोक आठवड्यातले काही दिवस घरूनच काम करायचे. केशरी लोकांनी मात्र रोज ऑफिसला यायचं, असा नियम होता.

शिकवणीप्रमाणे प्राजक्ताने कॅरलला विचारलं. कॅरल म्हणाली, "मला चालेल गं, पण वर विचारते." वरून उत्तर आलं, की ती आपली नोकर नाही, तिच्या कंपनीला विचारा. तिने दादांना फोन केला. दादा म्हणाले, "अगं, मी कोण ठरवणारा? क्लायंट म्हणेल तसं." ती परत कॅरलकडे गेली. कॅरल परत वर गेली. हे सगळं चाललेलं असताना प्राजक्ता रोज गाडीत प्लास्टिकची पिशवी घेऊन यायची आणि पार्किंगमध्ये उलटी करून, तोंड धुऊन वर यायची. एक दिवस जिन्यात मला म्हणाली, "ताई, हे तर व्हॉलीबॉल खेळून राहिले ना माझ्यासोबत."

दोनच आठवड्यांत खात्याने मोठ्या कंपनीला कळवलं की या जागेची आता गरज नाही. मोठ्या कंपनीने दादांना कळवलं. दादांनी तिला कळवलं.

दुसऱ्या दिवशी वहिनी डिंकाचे लाडू घेऊन तिच्या घरी गेल्या. बरोबर दादाही होते. मी आधीच तिथे होते, म्हणून हे स्वतः ऐकलेलं सांगते. लाडवांचा डबा टेबलावर ठेवून दादा म्हणाले, "प्राजक्ता, तू आराम कर. तू स्वतःहून बिनपगारी रजा मागितलीस, एवढं एक लिहून दे. बाळ झालं की बघू."

हे का मागतात, ते सांगते. व्हिसावर आणलेल्या माणसाला काम नसलं तरी कंपनीने पगार द्यायचा, असा इथला कायदा आहे. माणसाने आपणहून रजा मागितली तरच पगार थांबवता येतो. आपल्या किती मुलामुलींनी अशा चिठ्ठ्या मुकाट्याने लिहून दिल्या असतील, देव जाणे.

निखिल पेन शोधायला उठलाही होता. प्राजक्ता पडल्यापडल्या म्हणाली, "पण दादा, मी कुठं मागितली रजा?"

"अगं, कागदापुरतं."

"मग कागदावर तरी खोटं कशाला?"

वहिनी म्हणाल्या, "असं वाकडं बोलू नये गं. तुझ्याच भल्याचं सांगतायत."

दादा गेले. लाडू राहिले. चांगले झाले होते, खोटं कशाला बोलू.

त्याच संध्याकाळी मी मीराला फोन लावला. मीरा आमच्या इथल्या मराठी मंडळातल्या एका जोडप्याची मुलगी, इथेच जन्मलेली. कामगारांना फुकट कायदेशीर मदत देणाऱ्या एका संस्थेत ती वकील आहे. आईवडिलांना तिने डॉक्टर व्हायला हवं होतं, ते दुःख मंडळात सगळ्यांना माहीत आहे. तिचं मराठी आजीकडून आलेलं आणि तिथेच थांबलेलं.

"मावशी," ती म्हणाली, "तिने काही साइन केला का?"

"नाही."

"गुड. तिला सांग, काहीच साइन करू नको. लाडू खा, साइन करू नको."

मग तिने जे समजावलं, ते मी इथे साध्या शब्दांत लिहिते. हे वाचणाऱ्यांपैकी निम्म्यांना तरी ते कधी ना कधी लागेल. पहिली गोष्ट, गरोदर बाईला काम करता यावं म्हणून गरजेच्या सोयी द्यायच्या, असा केंद्राचा कायदा आहे आणि तो राज्य सरकारांनाही लागू आहे. दुसरी, कंत्राटी माणसाला एकापेक्षा जास्त मालक असू शकतात. पगार एक देत असेल आणि कामाच्या वेळा, रजा, कामाची पद्धत दुसरा ठरवत असेल, तर कायद्यापुढे दोघंही मालक. कुणाला काय म्हणतात, ओळखपत्राचा रंग कोणता, याने फार काही ठरत नाही. प्रत्यक्षात 'हो' आणि 'नाही' कोण म्हणतं, ते बघतात. तिसरी गोष्ट, व्हिसावर असलेल्या माणसालाही तक्रार करता येते. आणि तक्रार केली किंवा साक्ष दिली म्हणून कुणाला त्रास दिला, तर तोही कायद्याचा भंग, त्याची वेगळी तक्रार होते.

"पण मग खात्यातल्या वकिलांना हे माहीत नाही?" मी विचारलं.

"मावशी, माहीत आहे म्हणून तर केक देत नाही!"

प्राजक्ताने नोकरीतल्या भेदभावाच्या तक्रारी घेणाऱ्या केंद्रीय कार्यालयात तक्रार केली. खात्याविरुद्ध आणि दादांच्या कंपनीविरुद्धही. बातमी मंडळात पोचायला वेळ लागला नाही. गुढीपाडव्याच्या कार्यक्रमात तिची प्रकृती जरा बरी होती म्हणून ती आली, तर पुऱ्या वाढता वाढता एका काकूंनी ऐकवलंच, "ज्या ताटात जेवलो त्यालाच भोक पाडायचं, ही आजकालची तऱ्हा."

प्राजक्ता शांतपणे म्हणाली, "ताट माझंच होतं ना, काकू. त्यातला भात पण मीच कमावून आणून राहिली होती. दादा फक्त वाढत होते."

मी तिला कोपराने ढोसलं. मग मीही गप्प बसले नाही. म्हटलं, "काकू, तुमच्या सुनेला पण केशरीच कार्ड आहे ना?" काकू पुढच्या पंक्तीत गेल्या.

मीराला माझी साक्ष हवी होती. रजा आणि वेळा प्रत्यक्षात कोण ठरवतं, हे सांगायला सगळ्यात जुनी मीच होते. माझ्याकडे ग्रीन कार्ड आहे, त्यामुळे व्हिसाचा धाक नव्हता. तरी मला भीती वाटली. ती कसली, तेही सांगते. नोकरी जाण्याची भीती होतीच. पण त्याहून जास्त भीती अशी, की मी कृतघ्न ठरेन. त्यात दादांचा फोन आला.

"ताई, जूनमध्ये तुमचं रिन्यूअल आहे. मी धमकी देत नाही हं. नुसतं आठवण करतोय."

पूर्वीची मी असते तर म्हणाले असते, 'हो दादा, बरं झालं सांगितलंत.' त्या दिवशी मला ओट्यावर बसलेले वडील दिसले. माझ्या तोंडून निघालं, "दादा, हे तुमच्या मनचं आहे की खात्याच्या? ज्याच्या मनचं असेल त्याचं नाव सांगा. मीराला द्यायचंय."

 मग "तुमची वहिनी बोलावतेय" म्हणून त्यांनी फोन ठेवला.

एक गंमतही या काळात झाली. प्राजक्ताने चिठ्ठी लिहून न दिल्यामुळे दादांना तिचा पगार घरबसल्या चालू ठेवावा लागला. दोन महिने झाले आणि दादांना एकाएकी न्यायाची चाड आली. "त्या मुलीवर अन्यायच झालाय" असं ते चार लोकांत बोलू लागले. तिची जागा तिला परत मिळावी, असं आता त्यांनाही मनापासून वाटत होतं. कायदा कसा काम करतो, हे मी तेव्हा पाहिलं. त्याने दादांचं मन बदललं नाही. फक्त खोटं महाग केलं.

तक्रारीची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्याने सगळ्यांना एका खोलीत बोलावलं. लांबट टेबल. एका बाजूला खात्याचे वकील आणि कॅरल. समोर प्राजक्ता, मीरा आणि मी. टेबलाच्या टोकाला दादा, कुणाच्याच बाजूला नसल्यासारखे. मी कांजीवरम नेसून जाऊ की सूट घालू, यावर आदल्या दिवशी घरात वाद झाला होता. सूट घातला.

खात्याच्या वकिलांनी सुरुवात केली. या बाई आमच्या नोकर नाहीत. त्यांची वेळ, रजा, कामाची जागा हे सगळं त्यांची कंपनी ठरवते. आम्ही फक्त सेवा विकत घेतो, जसं कुणी बागकामाला माणूस बोलावतो.

अधिकाऱ्याने दादांना विचारलं, "बरोबर आहे?"

दादांनी घाम पुसला. म्हणाले, "आमच्या कंपनीची पद्धत अशी आहे की क्लायंटला विचारल्याशिवाय आमचा माणूस काही करत नाही. मी तसं सांगूनच पाठवतो." हे सांगताना त्यांच्या आवाजात थोडा अभिमानही होता. इतक्या वर्षांची त्यांची शिकवण कुणीतरी पहिल्यांदाच अधिकृतपणे विचारली होती.

मग माझी पाळी आली. मी सांगितलं. दाताचा डॉक्टर, शाळेतली मीटिंग, बर्फाच्या दिवशी लवकर निघणं. वकील म्हणाले, "ते शिष्टाचार म्हणून कळवत असतील. कळवणं आणि परवानगी मागणं यात फरक आहे."

"आम्ही मागत होतो," मी म्हटलं. "हो म्हणेपर्यंत दारात उभं राहून."

अधिकारी कॅरलकडे वळला. कॅरल ओहायोच्या शेतकरी घरातली, निवृत्तीला आलेली. खोटं बोलायचा तिला सरावच नाही. तिने एकदा आपल्या वकिलांकडे बघितलं आणि म्हणाली, "खरंय. सगळं मलाच विचारायचे. या बाईंनी तर मला त्यांच्या पूजेसाठी विचारलं होतं. मी हो म्हटलं. दुसऱ्या दिवशी त्या रव्याचं काहीतरी गोड घेऊन आल्या. फार छान होतं."

"आणि तुम्ही नाही म्हटलं असतं तर?"

"तर त्या कामावर आल्या असत्या." तिने क्षणभर विचार केला. "माझे स्वतःचे नोकर मला एवढं विचारत नाहीत."

"प्राजक्ताने घरून काम करू का म्हणून विचारलं, तेव्हा नाही कोण म्हणालं?"

"मी वर विचारलं. वरून नाही आलं."

"वरून म्हणजे त्यांच्या कंपनीकडून?"

"नाही," कॅरल म्हणाली. "आमच्याच वरून. चौथ्या मजल्यावरून."

खात्याच्या वकिलांनी पेनाचं टोपण लावलं. मीरा मान खाली घालून कागदावर काहीतरी गिरवत होती. नंतर बघितलं तर फुलं काढलेली होती.

इथे मला वकिलांची कीव आली, हेही सांगते. त्यांनी सगळं नीट बांधलं होतं. रंग वेगळे केले, केक बंद केला, करारात शब्द तोलूनमापून घातले. पण एका मराठी माणसाचा अतिनम्रपणा त्यांच्या हिशेबात नव्हता. आम्ही वर्षानुवर्षं मान लववून जे 'मे आय' विचारलं, त्या प्रत्येक वेळी खातं आमचा मालक होत गेलं. ते त्यांना कळलं नाही आणि आम्हालाही नाही.

अशी प्रकरणं एरवी फार रेंगाळतात. हे त्यानंतर लवकर मिटलं, कारण खात्याला ते पुढे न्यायचं नव्हतं. त्यांनी आधी प्राजक्ताला पैसे देऊ केले. ती म्हणाली, "पैसे घेऊन मी काय करू? व्हिसा पैशावर नाही, नोकरीवर आहे. मला माझं काम द्या." मग काम देऊ केलं. बाळंतपणापर्यंत घरून, नंतर रजा, आणि रजेनंतर तीच जागा. यापुढे कुणाही केशरी माणसाला अशी सोय हवी असेल तर खातं स्वतः उत्तर देईल, कंपनीकडे बोट दाखवणार नाही, हेही मान्य झालं. फक्त शेवटी एक अट होती, की या सगळ्याबद्दल कुणाशी बोलायचं नाही.

मीराने तिला सांगितलं, "अशी अट कॉमन आहे. तुझी मर्जी. डील मोडू पण शकतं."

प्राजक्ताला तेव्हा सातवा महिना होता. घरात निखिलने सामान बांधायला पेट्याही आणून ठेवल्या होत्या. हे डील मोडलं असतं तर दादा किती दिवस पगार देत राहिले असते, कुणास ठाऊक. मी तिच्या जागी असते तर सही केली असती. तिला तसं म्हटलंही, "घे गं पदरात पाडून."

ती म्हणाली, "ताई, त्या दिवशी तुम्हाला मीराबद्दल माहीत होतं म्हणून तुम्ही तिला फोन केला. तुम्हाला जर कुणी गप्प बसवलं असतं तर? मी नाही बसून राहिली गप्प."

दोन दिवस उत्तर आलं नाही. त्या दोन दिवसांत निखिलने काय खाल्लं असेल, त्यालाच माहीत. तिसऱ्या दिवशी ती अट काढून टाकलेला मसुदा आला. म्हणून तर मी हे लिहू शकते आहे.

जूनमध्ये माझंही कंत्राट पुन्हा झालं. ते मी चांगली म्हणून झालं की मीराला घाबरून, याचा मी शोध घेतला नाही. दादांकडच्या गणपतीला मी यंदाही गेले. त्यांनी वाढलं, मी जेवले, आणि निघताना त्यांना सांगितलं की नवीन येणाऱ्या मुलांना मी दर शनिवारी आमच्या घरी बोलावते आणि हे सगळं समजावते. ते म्हणाले, "चहा तरी देता ना?" म्हटलं, "पोहेसुद्धा." मला त्यांचे उपकार आजही वाटतात. विमानतळ, वरण-भात, कोट, सगळ्याचे. पण ते मी उपकारांनी फेडीन. माझ्या किंवा दुसऱ्या कुणाच्या हक्काने नाही.

तडजोडीनंतर, बाळंतपणाआधी, प्राजक्ता घरून कामावर परतली तो सोमवार होता. आमची सकाळची मीटिंग व्हिडिओवर असते. निळे, केशरी सगळे एकाच पडद्यावर. कॅरल एकेकाचं नाव घेते आणि ज्याने-त्याने आज काय करणार ते सांगायचं. आपली माणसं या मीटिंगमध्ये कशाचीही माफी मागतात: आवाज फुटला, माइक बंद राहिला, शिंक आली, सॉरी, सॉरी. प्राजक्ताचं नाव आलं. तिने सांगायला सुरुवात केली, की शुक्रवारच्या बदलांमध्ये तिला तीन जागी गडबड दिसतेय, त्यातल्या दोन माझ्या आहेत. बोलता बोलता तिचा चेहरा बदलला आणि ती उठून गेली. पडद्यावर तिची रिकामी खुर्ची आणि मागे निखिलची पाठ.  कॅरलने पुढचं नाव घेतलं नाही, ती थांबून राहिली.

थोड्या वेळाने प्राजक्ता परत आली. पदराने नाही, टी-शर्टच्या बाहीने तोंड पुसलं, खुर्ची पुढे ओढली, आणि जिथे वाक्य तुटलं होतं तिथूनच पुढे बोलू लागली. सॉरी म्हणाली नाही.